थेट नाटकाचे अदृश्य हात

मराठी नाटकाच्या प्रेक्षकाला तिसऱ्या घंटेचे महत्त्व सांगावे लागत नाही. सांगली असो, इंदूर असो, बडोदे असो की बेळगाव असो, जेथे जेथे नाटकमंडळ्यांची बिऱ्हाडे एकेकाळी उतरली, तेथील रसिकांच्या मनात ती घंटा अजून वाजत असते. ती झाली की पडदा वर जातो, आणि मग मागे फिरणे नाही. तरीसुद्धा रंगभूमीवरील नटाला काही आधार असतात. समोर प्रेक्षक असतो. त्याच्या हशाने, टाळीने, किंबहुना त्याच्या शांततेनेही नटाला बळ येते. विंगेत पुस्तक घेऊन प्रॉम्प्टर उभा असतो. एखादा प्रवेश फसलाच, तर तो त्या रात्रीपुरता आणि त्या नाट्यगृहापुरता फसतो; उद्याचा प्रयोग असतोच.

आता अशी कल्पना करावी की समोर प्रेक्षक नाही. तो लाखोंच्या संख्येने आपापल्या घरी बसलेला आहे आणि त्याचा उच्छ्वासही नटाला ऐकू येत नाही. एका प्रवेशातून दुसऱ्या प्रवेशात जाण्यास पडदा पडत नाही. नाटक ठरलेल्या मिनिटाला सुरू होऊन ठरलेल्या मिनिटाला संपलेच पाहिजे. आणि उद्याचा प्रयोग बहुधा नाहीच. महिनाभराच्या श्रमांचा निकाल एका तासात लागावयाचा. इंग्लंड आणि अमेरिका या देशांत चित्रफितीचा शोध लागेपर्यंत टेलिव्हिजनवरील नाटक हे असेच, घडत असताना घरोघर पोहोचविले जात असे. त्या नाटकांच्या पडद्यामागे काय चालत असे, हा या भाषणाचा विषय आहे.

या कलेचा प्रारंभ मोठा सूचक आहे. ११ सप्टेंबर १९२८ रोजी अमेरिकेत न्यूयॉर्क राज्यातील स्केनेक्टडी या गावी 'द क्वीन्स मेसेंजर' नावाची एक छोटी नाटिका प्रक्षेपित करण्यात आली. अमेरिकेतील टेलिव्हिजन-नाटकाचा आरंभ या प्रयोगापासून मानतात. कॅमेरे तीन होते, पण ते जागचे हलत नसत, आणि पाहणाऱ्याचा पडदा तर अवघा तीन इंचांचा. त्यात अख्खी माणसे दाखविणे अशक्य. म्हणून दोन कॅमेरे दोन पात्रांच्या चेहऱ्यांवर रोखलेले असत आणि तिसरा केवळ हातांवर आणि हातांतील वस्तूंवर. परंतु चेहरा एका कॅमेऱ्यासमोर असताना त्याच माणसाचा हात दुसऱ्या कॅमेऱ्यासमोर कसा जाणार? यासाठी दोन निराळी माणसे नेमली होती. चेहरे मुख्य नटांचे आणि हात दुसऱ्यांचे! पाहणाऱ्याला मात्र ते एकाच देहाचे वाटावे, अशी सारी योजना होती.

पुढे यंत्रे सुधारली, पडदे मोठे झाले, परंतु चेहरा एकाचा आणि हात दुसऱ्यांचे हा प्रकार काही संपला नाही. तो उलट वाढतच गेला.

लंडनमध्ये १४ जुलै १९३० रोजी बेअर्ड यांच्या यंत्रावर पिरांदेल्लो यांची एक नाटिका दाखविली गेली. चित्र फक्त तीस रेषांचे होते आणि यंत्रासमोर एका वेळी एकच पात्र बसू शकत असे. एक नट उठून दुसरा बसेपर्यंत एक माणूस चौकटीचौकटींचा फळा समोर सरकवीत असे. तोच त्या नाटकाचा पडदा. २ नोव्हेंबर १९३६ रोजी बी.बी.सी.ने अलेक्झांड्रा पॅलेस येथून टेलिव्हिजनची नियमित सेवा सुरू केली. १ सप्टेंबर १९३९ रोजी युद्धामुळे ती बंद पडली आणि ७ जून १९४६ रोजी पुन्हा उघडली. अमेरिकेत मे १९४७ पासून 'क्राफ्ट टेलिव्हिजन थिएटर' ही मालिका दर आठवड्यास एक नवे नाटक देऊ लागली. तिच्या पाठोपाठ 'स्टुडिओ वन', 'फिल्को प्लेहाउस' अशा कितीतरी मालिका निघाल्या. पॅडी चायेफ्स्की यांचे 'मार्टी' हे २४ मे १९५३ रोजी, तर रेजिनाल्ड रोझ यांचे 'ट्वेल्व्ह अँग्री मेन' हे २० सप्टेंबर १९५४ रोजी प्रथम अशाच थेट प्रक्षेपणातून लोकांनी पाहिले. चित्रपट म्हणून त्यांची कीर्ती जगभर झाली ती मागाहून.

असे एखादे नाटक उभे कसे राहत असे? स्टुडिओ फार महाग आणि सदैव गुंतलेला. म्हणून तालमीसाठी चर्चचे सभागृह, क्लबाची खोली, नृत्यशाळा, अशी एखादी जागा भाड्याने घेतली जाई. तेथे ना भिंती, ना दारे, ना जिने. जमिनीवर रंगीत पट्ट्या चिकटवून खोल्यांचे आराखडे काढलेले असत. या दोन पट्ट्यांमध्ये दार आहे, त्या तीन पट्ट्या म्हणजे जिना, असे समजून नटांनी चालावयाचे. मुले अंगणात खडूने घर आखून खेळतात, तसाच तो प्रकार; फरक इतकाच की येथे पट्टीबाहेर पाऊल पडले तर प्रयोगाच्या दिवशी तेथे कॅमेरा उभा असे.

इकडे तालीम चाललेली असताना दिग्दर्शक कागदावर दुसरे नाटक लिहीत असे. कोणते वाक्य कोणत्या कॅमेऱ्याने टिपावयाचे, कॅमेरा किती जवळ यावयाचा, तेथून तो कोठे जावयाचा, याचा तपशील संहितेच्या समासात भरलेला असे. एका तासाच्या नाटकात अशा शेकडो दृश्यचौकटी येत आणि प्रत्येकीला क्रमांक असे. प्रत्येक कॅमेरामनला त्याच्या वाट्याच्या क्रमांकांची यादी स्वतंत्र मिळे. ती तो कॅमेऱ्यालाच अडकवून ठेवी. नटाला आपली भाषणे पाठ असावी लागत, तसे कॅमेरामनला आपले चालणे पाठ असावे लागे.

अखेर एक-दोन दिवसांसाठी स्टुडिओ हाती येई. तेथे नाटकातील सारी स्थळे एकमेकांस लागून मांडलेली असत. एका कोपऱ्यात दिवाणखाना, त्याच्या पाठीशी तुरुंगाची कोठडी, समोर रस्त्याचा एक तुकडा, आणि मधल्या मोकळ्या जागेत कॅमेरे, त्यांच्या जाडजूड केबली, आणि लांब दांड्याला टांगलेला मायक्रोफोन. त्या मायक्रोफोनची सावली नटाच्या कपाळावर पडू नये, केबल दुसऱ्या कॅमेऱ्याच्या चाकाखाली येऊ नये, आणि एका कॅमेऱ्याने दुसऱ्याला टिपू नये, यांसाठी कितीतरी माणसे श्वास रोखून वावरत. केबल उचलून कॅमेऱ्यामागून धावणे एवढेच ज्याचे काम, त्याने एक क्षण उशीर केला तर नायिकेचे अश्रू वाया जात.

कॅमेऱ्याच्या तोंडाशी निरनिराळ्या शक्तीची भिंगे बसविलेली एक फिरती चकती असे. जवळचे दृश्य हवे असेल तर एक भिंग, दूरचे हवे असेल तर दुसरे. परंतु ही चकती फिरवावयाची ती आपले चित्र बाहेर जात नसतानाच. चित्र बाहेर जात असल्याची खूण म्हणजे कॅमेऱ्यावरील लाल दिवा. तो विझला की कॅमेरामन भिंग बदली, जागा बदली, चित्र पुन्हा नेमके करी; आणि दिवा पुन्हा लागण्यापूर्वी हे सारे उरकलेले असे. त्यासाठी कधी दहा सेकंद मिळत, कधी तीन.

नटांची धावपळ तर सांगता पुरवत नाही. दिवाणखान्यातले भाषण संपते न संपते तोच नटी वाकून, कॅमेऱ्याच्या खालून सरपटत बाहेर पडे. वाटेत कोणीतरी तिचा झगा उतरवी. आत दुसरा झगा आधीच घातलेला असे. भिंतीपलीकडे तुरुंगात ती पोहोचे तेव्हा नाटकात सहा महिने लोटलेले असत आणि तिच्या छातीतली धडधड अजून थांबलेली नसे. पायांत आवाज न करणारे जोडे घातलेला रंगमंच-व्यवस्थापक कानांना श्रवणयंत्र लावून उभा असे. दिग्दर्शकाचा शब्द त्याला ऐकू येई, परंतु त्याला बोलण्याची मुभा नसे. तो सारे हातांनी सांगे. हात ताणून दाखविले की सावकाश घ्या. बोट गोल फिरविले की त्वरा करा. आणि अमेरिकेत नाकाच्या शेंड्यावर बोट ठेवले की वेळ अगदी बरोबर चालली आहे.

प्रॉम्प्टरची तर निराळीच युक्ती होती. रंगभूमीवर प्रॉम्प्टरचा आवाज पहिल्या रांगेस ऐकू आला तर लोक हसून सोडून देतात. मायक्रोफोनला मात्र कुजबुजही ऐकू येते. म्हणून बी.बी.सी.च्या स्टुडिओत प्रॉम्प्टरच्या हाती एक कळ दिलेली असे. ती दाबली की स्टुडिओतील ध्वनी बाहेर जाणे क्षणमात्र थांबे. तेवढ्यात विसरलेला शब्द सांगावयाचा आणि कळ सोडावयाची. घरी पाहणाऱ्यांना वाटे, आपल्याच यंत्रात काही बिघाड झाला! नटाचा दोष झाकण्यासाठी यंत्राने आपल्याकडे दोष घ्यावा, अशी ती व्यवस्था होती.

या सर्वांच्या मुळाशी नियंत्रण-कक्ष असे. तेथे प्रत्येक कॅमेऱ्याचे चित्र निरनिराळ्या पडद्यावर दिसे आणि बाहेर जाणारे चित्र आणखी एका पडद्यावर. दिग्दर्शक क्रमांक उच्चारी, शेजारी बसलेला माणूस कळ दाबून चित्र बदली, मदतनीस बाई हातातील घड्याळ पाहून किती सेकंद पुढे वा मागे ते सांगे. प्रयोग सुरू झाल्यावर दिग्दर्शकाला नटाशी बोलण्याचा मार्ग उरत नसे. त्याला पुढे पळता येत नसे आणि मागेही जाता येत नसे. महिनाभर शिकविलेल्या माणसांवर भिस्त ठेवून बसणे एवढेच त्याच्या हाती राही.

या पद्धतीने केवढे मोठे काम साधले, याचे एक उदाहरण पुरे आहे. रविवार, १२ डिसेंबर १९५४ रोजी बी.बी.सी.ने जॉर्ज ऑर्वेल यांच्या 'नाइन्टीन एटी-फोर' या कादंबरीचे नाट्यरूप सादर केले. रूपांतर नायजेल नील यांचे, निर्मिती-दिग्दर्शन रूडॉल्फ कार्टिये यांचे आणि प्रमुख भूमिका पीटर कुशिंग यांची. सुमारे दोन तासांच्या त्या नाटकात कार्टिये यांनी आधी घेतलेल्या चित्रपटाचे काही तुकडे पेरले होते. प्रेक्षक ते पाहत असताना नट वेष बदलून पुढच्या स्थळी पोहोचत. पार्श्वसंगीतही आयते नव्हते. शेजारच्या स्टुडिओत वाद्यवृंद बसलेला होता आणि त्याचे संचालक समोरच्या पडद्यावर नाटक पाहत वादकांना इशारे देत होते. नाटकातील छळाच्या प्रसंगांनी देशात खळबळ उडाली. पार्लमेंटातही त्याचे पडसाद उमटले. तरी चार दिवसांनी, १६ डिसेंबरला, पुन्हा प्रयोग झाला. आणि तोही मुद्रणाचा नव्हे, तर त्याच नटांनी पुन्हा पहिल्यापासून केलेला. पडद्यावरून चित्रपटाच्या फिल्मवर उतरविलेला तो दुसरा प्रयोग आजही उपलब्ध आहे.

परंतु यंत्रांची आणि युक्त्यांची ही हकीकत कितीही सांगितली तरी थेट नाटकाचे मर्म त्यात येत नाही. ते मर्म दोन प्रसंगांत दिसते. एक अमेरिकेतील आहे, दुसरा इंग्लंडातील.

ऑक्टोबर १९५६ मध्ये सी.बी.एस. या संस्थेने हॉलिवूडमधील आपल्या 'टेलिव्हिजन सिटी' या वास्तूतून 'प्लेहाउस ९०' ही मालिका सुरू केली. दर आठवड्यास दीड तासाचे नाटक, असा तो धाडसी संकल्प होता. दुसऱ्याच आठवड्यात, ११ ऑक्टोबरला, रॉड सर्लिंग यांचे 'रेक्विएम फॉर अ हेवीवेट' हे नाटक ठरले. थकलेल्या एका मुष्टियोद्ध्याची ती कथा. खेळ संपला, शरीर मोडले, आता या माणसाने जगावे कसे, हा नाटकाचा प्रश्न. मुष्टियोद्धा जॅक पॅलन्स, त्याचा व्यवस्थापक कीनन विन, आणि त्याचा वृद्ध, प्रेमळ शिक्षक म्हणून कीननचे वडील एड विन.

एड विन हे नाव अमेरिकेत तीन पिढ्यांना ठाऊक होते, पण विदूषक म्हणून. विचित्र टोप्या, फिसकन हसणे, शब्दांच्या कोलांट्या, यांवर त्यांनी रंगभूमी आणि नभोवाणी गाजविली होती. आता वय सत्तरीस टेकलेले आणि मागणी ओसरलेली. गंभीर भूमिकेचा त्यांना सराव नव्हता. तालमीत त्यांना वाक्ये आठवेनात. अडखळले की जुनी सवय उसळी मारी आणि शिक्षकाच्या तोंडून विदूषक हसे. दिवस थोडे उरले. त्यांना काढून टाकावे, असे लेखकासह अनेकांना वाटू लागले. मुलाची अवस्था तर फार कठीण झाली. बापाला ही भूमिका मिळावी म्हणून तोच झटला होता. आता बापाची फजिती देशापुढे होणार, आणि तीही आपल्या डोळ्यांदेखत, असे त्याला दिसू लागले.

दिग्दर्शक राल्फ नेल्सन यांनी म्हाताऱ्याला काढले नाही. मात्र सावधगिरी म्हणून नाटकात दारूच्या गुत्त्यातील एक लहानशी भूमिका करणाऱ्या नेड ग्लास या नटाकडून ती भूमिका गुपचूप पाठ करवून घेतली. वेळ पडलीच तर तो उभा राहणार होता. दुसऱ्याची भूमिका संपूर्ण पाठ करावयाची, आणि ती आपल्याला करावी लागू नये अशीच इच्छा धरावयाची, हे काम वाटते तितके सोपे नव्हे.

प्रयोगाची वेळ झाली. लाल दिवा लागला. आणि एड विन उभे राहिले ते त्या शिक्षकाच्याच रूपाने. काही ठिकाणी शब्द हुकले. पण त्यांनी तेथल्या तेथे दुसरे शब्द घातले, आणि ते त्या पात्राच्याच तोंडी शोभले. चाळीस-पन्नास वर्षे रंगमंचावर काढलेल्या माणसाचे प्रसंगावधान, जे तालमीत त्यांना आडवे येत होते, तेच प्रयोगात त्यांच्या मदतीला धावले. नेड ग्लास यांची पाठ केलेली भूमिका पाठच राहिली. नाटकाला, लेखकाला, दिग्दर्शकाला आणि पॅलन्स यांना त्या वर्षीचे एमी पुरस्कार मिळाले. एड विन यांच्यासमोर तर सत्तराव्या वर्षी नवे आयुष्य उघडले. १९५९ च्या 'द डायरी ऑफ अ‍ॅन फ्रँक' या चित्रपटातील कामाबद्दल त्यांचे नाव ऑस्करसाठी सुचविले गेले. त्या तालमींची हकीकत नेल्सन यांनी १९६० मध्ये स्वतंत्र नाटकरूपाने टेलिव्हिजनवर आणली, आणि तीत बापलेकांनी स्वतःच्याच भूमिका केल्या.

ही गोष्ट सुखान्त आहे. परंतु पडद्यामागचा प्रत्येक हात असा आधाराचाच असे, असे मात्र नाही. याच मालिकेत १६ एप्रिल १९५९ रोजी न्यूरेंबर्ग येथील खटल्यावरचे नाटक झाले. नात्सी छळछावण्यांत विषारी वायूच्या कोठड्यांत माणसे मारली गेली, हा त्या कथेचा गाभा. कार्यक्रमाच्या पुरस्कर्त्यांत घरगुती वायूच्या व्यापाऱ्यांची संघटना होती. तिला 'गॅस' हा शब्द खपेना. तेव्हा प्रक्षेपणाच्या वेळी ध्वनीच्या कळेवरील हाताने तो शब्द पुसून टाकला. नटांचे ओठ हलले, पण शब्द उमटला नाही. नटाचा विसर झाकण्यासाठी क्षणभर आवाज बंद करणे आणि इतिहासाचे सत्य झाकण्यासाठी आवाज बंद करणे, दोन्हीला हाताची हालचाल एकच लागते. प्रेक्षकांना ती शांतता ऐकू आली, आणि त्या संघटनेची नाचक्की झाली, हे त्यातल्या त्यात समाधान.

दुसरा मोठा प्रसंग इंग्लंडातील, आणि तो दुःखाचा आहे. रविवार, ३० नोव्हेंबर १९५८. मँचेस्टरजवळ डिड्सबरी येथील स्टुडिओतून 'आर्मचेअर थिएटर' या मालिकेतील 'अंडरग्राउंड' हे नाटक प्रक्षेपित होत होते. निर्माते सिडनी न्यूमन, दिग्दर्शक टेड कॉचेफ, दोघेही कॅनडाचे. अणुबॉम्बच्या आघातानंतर लंडनच्या भुयारी रेल्वेत अडकलेल्या काही माणसांची ती कथा होती. त्यात गॅरेथ जोन्स नावाचा तिशीतील एक नट महत्त्वाचे काम करीत होता. आपल्या दोन प्रवेशांच्या मध्ये त्याला हृदयविकाराचा झटका आला आणि तो तेथेच मरण पावला.

कॅमेऱ्यासमोर त्याचे सहकारी त्याची वाट पाहत होते. त्याने यावे, काही सांगावे आणि नाटक पुढे सरकावे, अशी रचना होती. तो आला नाही. काय झाले हे त्यांना कळण्यास मार्ग नव्हता. विचारण्याचीही सोय नव्हती, कारण लाखो लोक पाहत होते. तेव्हा त्यांनी त्याची वाक्ये आपसांत वाटून घेण्यास प्रारंभ केला. त्याला जे सांगावयाचे होते ते कोणी तर्क म्हणून बोलून दाखविले, कोणी शंका म्हणून. जाहिरातींच्या मध्यंतरात, म्हणजे मोजक्या मिनिटांत, दिग्दर्शकाने एका पात्रावाचून उरलेले नाटक नव्याने मांडले. ठरलेले क्रमांक निरुपयोगी झाले होते; कॅमेरामनांनी समोर जे घडेल ते टिपावयाचे होते. नाटक शेवटपर्यंत गेले. घरी पाहणाऱ्यांस एक माणूस कमी झाल्याचे कळलेही नाही.

या प्रसंगी मराठी रसिकाला एक जुनी आठवण होणे स्वाभाविक आहे. १२ मार्च १९११ रोजी मुंबईत किर्लोस्कर मंडळीच्या 'मानापमान' नाटकाचा पहिला प्रयोग होता. त्याच दिवशी बालगंधर्वांची तान्ही मुलगी वारली; आणि तरी ते भामिनीच्या वेषात लोकांसमोर उभे राहिले. आपल्याकडे ही गोष्ट पिढ्यान् पिढ्या आदराने सांगितली जाते. तीत आणि डिड्सबरीच्या प्रसंगात साम्य आहे, तसा भेदही आहे. बालगंधर्वांनी आपले दुःख जाणून, विचार करून, प्रयोगाचा निर्णय घेतला. डिड्सबरीच्या नटांना विचाराला अवसरच नव्हता. त्यांनी सोबत्याची वाक्ये उचलली ती कीर्तीसाठी नव्हेत की कर्तव्याच्या व्याख्येसाठीही नव्हेत. चालता चालता एकाच्या खांद्यावरील ओझे पडू लागले तर शेजारचा न विचारता हात लावतो, तसे ते झाले. तेथे नाटक थांबविणे अधिक योग्य झाले असते का, हा प्रश्न मात्र उरतो. एक माणूस मरण पावला असताना त्याच्या मृत्यूहून घड्याळ मोठे ठरावे काय? नटांकडे याचे उत्तर मागणे अन्यायाचे होईल. उत्तर द्यावयाचे ते त्या व्यवस्थेने, जिने थांबण्याची सोयच ठेवलेली नव्हती.

योगायोग असा की थांबण्याची ती सोय तेव्हा जन्मास आलेली होती. बरोबर दोन वर्षांपूर्वी, ३० नोव्हेंबर १९५६ रोजी, ज्या टेलिव्हिजन सिटीत एड विन सात आठवड्यांपूर्वी उभे राहिले होते तेथेच, अँपेक्स कंपनीच्या यंत्राने चुंबकीय फितीवर बातम्यांचा कार्यक्रम मुद्रित करून पश्चिम किनाऱ्यावर नंतर दाखविला होता. फीत नाटकापर्यंत पोहोचण्यास मात्र काही काळ लागला. आरंभी फीत जोडणे म्हणजे ती पात्याने प्रत्यक्ष कापून चिकटविणे होते. ते खर्चाचे आणि जोखमीचे काम. त्यामुळे मुद्रण सुरू झाल्यावरही कितीतरी वर्षे नाटक शक्यतो न थांबताच केले जाई. पुढे यंत्रे सुलभ झाली आणि प्रवेश तुकड्यातुकड्यांनी घेण्याचा प्रघात पडला. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबईचे दूरदर्शन केंद्र सुरू झाले, तोवर पाश्चात्य देशांतील थेट नाटकाचा बहर ओसरून गेला होता.

त्या काळाबद्दल हळहळणारे लोक पुष्कळ आहेत. तेव्हाची धडपड, तो थरार आता नाही, असे ते म्हणतात. त्यांचे म्हणणे अगदीच खोटे नाही. परंतु थरार प्रेक्षकांना आणि आठवणी सांगणाऱ्यांना गोड असतो. धावताना दम लागलेल्या नटीला किंवा मुलाच्या डोळ्यांतील भीती वाचणाऱ्या वृद्ध विदूषकाला तो तितका गोड वाटला असेल असे नाही. आज एखादा नट कोसळला तर काम थांबते, डॉक्टर येतो, दिवे मालवले जातात. हे चांगलेच झाले.

जपून ठेवण्याजोगे जे आहे ते निराळे आहे. त्या नाटकांत चुकणाऱ्याला एकटे सोडलेले नसे. शब्द विसरला तर कळेवर एक बोट तयार असे. भूमिका पेलेल की नाही अशी शंका आली तर दुसरा कोणी ती पाठ करून, पण मागेच उभा राही. सोबती आला नाही तर त्याची वाक्ये इतरांच्या तोंडून निघत. नामावलीत चेहऱ्यांची नावे मोठ्या अक्षरांत येत. हातांची नावे लहान अक्षरांत, आणि कित्येकांची तर मुळीच नाहीत. १९२८ साली स्केनेक्टडीच्या तीन इंची पडद्यावर जे हात दिसले, ते कोणाचे म्हणून कोणी पाहिले नाही. परंतु त्या हातांवाचून ते नाटक झाले नसते.

कोणतेही सार्वजनिक काम, मग ते नाटक असो, शाळा असो, की गावची जत्रा असो, अशाच हातांवर चालते. लाल दिवा चेहऱ्यावर लागतो. केबल उचलून मागून धावणारा माणूस अंधारातच असतो. तो वेळेवर धावला, एवढीच त्याची कीर्ती. आणि ती, कोणाच्या लक्षात आली नाही, तरच पूर्ण झाली असे समजावयाचे.